पंदाच्या नोंदी: सड्यावरचं एक वर्ष

२३ मे

प्रकल्पाची सुरुवात फुलं नसताना करायची, हे आधीच ठरवलं होतं. सप्टेंबरात सड्यावर, म्हणजे डोंगरमाथ्यावरच्या सपाट कातळावर, कुणीही जातं. आज सकाळी साडेसहाला वर पोहोचलो तर समोर काळपट तांबडा कातळ, भुईसपाट झालेलं वाळकं गवत आणि वारा. ज्या वनस्पतीसाठी आलो तिचं एक पान नाही.

वनस्पती म्हणजे पंद. शास्त्रीय नाव पिंडा कोंकानेन्सिस. गाजराच्या कुळातली, म्हणजे कोथिंबीर, जिरं, ओवा, शेपू यांच्या भावकीतली. पण बहुवर्षायू, रानटी आणि आपल्या सह्याद्रीपुरतीच. पावसाळ्यात गुडघ्याच्या वर, कधी कमरेपर्यंत येते, पांढऱ्या छत्र्या उघडते आणि दिवाळीच्या आसपास जमिनीवरून नाहीशी होते. बाकीचं वर्ष कंद होऊन मातीत पडून राहते. सगळे तिच्या फुलाचे फोटो काढतात. मला तिची माती मोजायची आहे.

जागेचं नाव वहीत आहे, इथे लिहीत नाही. साताऱ्याच्या पश्चिमेला हजार मीटरच्या वरचा एक सडा, एवढं पुरे. २०१२ मध्ये पश्चिम घाटातली ३९ ठिकाणं जागतिक वारसा यादीत गेली, त्यात फुलांसाठी गाजलेलं कास पठार होतं. त्यानंतर तिथे शनिवार-रविवारी काय होतं ते आपण पाहतोच.

दहा बाय दहा मीटरचे तीन चौकोन आखले. ‘अ’ मधल्या कातळावर, ‘ब’ कडेला जिथे सडा उताराला लागतो तिथे, ‘क’ करवंदीच्या जाळीजवळ. कोपऱ्यांवर दगड रचले. म्हशी घेऊन आलेले धनगर मामा बराच वेळ बघत होते.

“गुरुजी, काय मोजताय?”

“झाडं मोजायचीत मामा.”

“झाडं?” त्यांनी चारी बाजूंना पाहिलं. “मोजा मोजा.”

११ जून

दोन दिवस चांगला पाऊस झाला. माती ओली झाल्याशिवाय हे काम होत नाही म्हणून थांबलो होतो.

हत्यार साधं आहे: सहा मिलिमीटरची सळई, टोक घासलेलं, दर सेंटिमीटरला कानशीने खूण. सुतळी ताणायची, दर मीटरला सळई टोचायची, खाली कातळ लागला की ‘टक्’ असा आवाज हाताला कळतो. तेवढी खोली लिहायची. एका चौकोनात १२१ टोचे. तिन्ही चौकोनांना पूर्ण दिवस गेला. शाळेतला एक जुना विद्यार्थी लिहायला होता म्हणून झालं, नाहीतर ओल्या वहीत एकट्याचं काम नाही.

‘अ’ मध्ये सळई बहुतेक ठिकाणी तीन सेंटिमीटरच्या आत अडली. बऱ्याच ठिकाणी मातीच नाही, नुसतं शेवाळ आणि दगडफूल. ‘ब’ मध्ये दहापासून अठ्ठावीसपर्यंत गेली. ‘क’ मधला प्रकार विचित्र: एका टोच्याला दोन, शेजारच्याला वीस. खाली भेगा आहेत.

हे असं का, तर जांभ्यामुळे. मुळात हा सगळा बेसाल्ट, साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. ऊन-पाऊस खात खात त्यातली सिलिका धुऊन गेली, लोह आणि ॲल्युमिनियम मागे उरलं, आणि वरचा थर वाळून चिऱ्यासारखा कडक झाला. त्यावर माती जिथे अडेल तिथेच साठते: भेगेत, खोलगटात, गवताच्या गड्ड्यामागे, उताराच्या तोंडाशी. सडा लांबून सपाट दिसतो. सळईला तो तसा लागत नाही.

सातबाऱ्यावर अशा जमिनीपुढे पोटखराबा लिहिलेलं असतं. नांगराच्या हिशोबाने ते खरंच आहे.

२९ जून

पानं आली.

आणि पहिली चूकही झाली. ‘क’ मध्ये मोठ्या उत्साहाने सहा रोपांना क्रमांक दिले, सातव्याशी थांबलो. गोलसर, केसाळ, किंचित खाचा असलेलं पान, अगदी पंदासारखं. पण देठ बुडाशी नुसतंच देठ. पंदाचं तसं नसतं. पानाचा देठ खाली पन्हाळीसारखा पसरतो आणि खोडाला कवेत घेतो. कोथिंबिरीची जुडी निवडताना बुडाशी हे पांढरट पापुद्रे लागतात, तेच. या कुळाची ती जुनी ओळख. मी क्रमांक दिलेल्यांपैकी चार रानभेंडीची रोपं होती. क्रमांक काढून घेतले. विद्यार्थी हसला नाही, हे त्याचे उपकार.

दुसरी खूण वास. पान चुरडलं की शेपू आणि ओवा यांच्या मधला कुठलातरी उग्र वास येतो. मात्र चुरडताना काळजी घ्यावी. पंद आधी ज्या हेराक्लियम वंशात गणली जायची, त्यातली कॉकेशसकडची एक राक्षसी जात युरोपभर पसरलीय. तिचा रस अंगाला लागून वर ऊन पडलं की भाजल्यासारखे फोड येतात. सॉक्रेटिसला दिलेलं विषही याच कुळातलं. तेव्हा ‘कोथिंबिरीची बहीण’ म्हणून कुणी तोंडात घालू नये. वास घ्यायचा आणि हात धुवायचे.

पानंही एकसारखी नाहीत. काही रोपांना एकच अखंड पान, काहींना देठावर तीन किंवा पाच दलं. लहान रोपांत अखंड पानं जास्त दिसली.

क्रमांकासाठी शीतपेयाच्या डब्यांचे पत्रे कापून त्यावर खिळ्याने आकडे कोरले, तारेने अडकवले. रंगीत दोरे मागच्या वर्षी एकदा लावून बघितले होते, आठवड्यात गायब. वानर, कावळे की पर्यटक, ते ठरवण्यात अर्थ नव्हता. आज एकूण ४३ रोपांना आकडे लागले.

१३ जुलै

धुकं. हातभर पुढचं दिसेना. ‘ब’ चा एक कोपरा सापडायला वीस मिनिटं लागली. छत्री उलटली. परत फिरलो.

३ ऑगस्ट

सळईचे आकडे आणि रोपांच्या जागा एका आलेखकागदावर मांडल्या. घरी बसून करायचं काम, पण पूर्ण वर्षातलं हेच सगळ्यात महत्त्वाचं ठरेल असं दिसतंय.

४३ पैकी ३८ रोपं आठ सेंटिमीटरपेक्षा खोल मातीत. ‘अ’ मध्ये फक्त दोन, दोन्ही एकाच भेगेच्या रेषेत. तीन सेंटिमीटरच्या आत एकही नाही. तिथे दुसरी मंडळी आहेत: गेंद, सीतेची आसवं. सीतेच्या आसवांना मातीची फारशी गरजही नाही, पाण्यातले बारीक जीव पकडून त्यांचं भागतं. त्याहून जरा जाड थरात गवत. आणि जिथे कंद आडवा-उभा मावेल एवढी माती, तिथे पंद, सोनकी, टोपली कारवी.

म्हणजे पंदाचा अधिवास ‘सडा’ असं लिहिणं ढोबळ आहे. तिचा अधिवास सड्यावरची वीतभर मातीची बेटं आहेत. सगळी बेटं जोडली तर माझ्या तीन चौकोनांतला निम्मा भागही भरत नाही.

२४ ऑगस्ट

दांडे वर आले. पोकळ, रेघांचे, केसाळ. टोकाला कळ्यांची मूठ अजून पापुद्र्यातच. सतरा नंबरचं रोप सगळ्यांच्या पुढे आहे. त्याची जागाही तशीच: ‘ब’ मध्ये, खाली २४ सेंटिमीटर माती.

येताना शेवटच्या उतारावर तेरडा फुललेला. गुलाबी.

७ सप्टेंबर

आज चौकोन मोजायचे सोडून सतरा नंबरसमोर तीन तास बसलो. त्याबद्दल खंत नाही.

छत्री म्हणतात ते उगाच नाही. दांड्याच्या एका टोकातून सगळ्या काड्या फुटतात. या मधल्या छत्राला तेरा काड्या. प्रत्येक काडीच्या टोकाला पुन्हा एक लहान छत्र, त्यात मोजली तेव्हा अठरा, वीस, सोळा फुलं. म्हणजे एका छत्रात अडीचशेच्या आसपास. गाजर कांद्यासारखं लावून बी धरलं तर हीच रचना दिसते, धण्याच्या शेतातही हीच.

पण पंदाची खासियत कडेला आहे. आतली फुलं बारीक, पाच पाकळ्या जवळपास सारख्या. कडेच्या फुलांच्या बाहेरच्या पाकळ्या मात्र चांगल्या मोठ्या, मध्ये खोल चिरलेल्या, त्यामुळे एकीच्या दोन वाटतात. त्या फक्त बाहेरच्या बाजूलाच मोठ्या, आत वळलेल्या बाजूला नाहीत. लग्नात पहिल्या रांगेतल्या करवल्यांनीच नटावं आणि बाकीच्यांनी कामाला लागावं तसं. लांबून येणाऱ्या माशीला सगळं छत्र मिळून एकच मोठं फूल दिसत असणार.

भिंगाखाली दुसरी गंमत. कळीत पाचही पुंकेसर आत दुमडलेले असतात, मुठीत बोटं घ्यावी तसे. फूल उमललं की ते एकदम सुटत नाहीत, एकेक करून सरळ होतात. पराग सांडतात, गळून जातात. तोपर्यंत मधल्या चकतीवर स्त्रीकेसराच्या दोन शिंगांचा पत्ता नसतो. ती नंतर वर येतात. म्हणजे एकच फूल आधी नर, मग मादी. आणि मधलं छत्र मादी अवस्थेत पोहोचतं तेव्हा बाजूच्या फांद्यांवरची छत्रं नुकती नर अवस्थेत येत असतात. सतरा नंबरवर आज नेमका तो अदलाबदलीचा दिवस होता. मधल्या छत्रावर शिंगं, बाजूच्या दोघांवर पराग.

या कुळात अशी पाळी जवळपास सगळीकडे दिसते. पण भिंगातून पाहणं वेगळं.

८ सप्टेंबर

काल लिहायचं राहिलं: मधाची चकती उघडीच असते. लांब सोंड लागत नाही. त्यामुळे येणारे पाहुणेही सगळ्या थरांतले. काल अर्ध्या तासात सातेरी मधमाशा, दोन प्रकारच्या फुलमाश्या, साध्या हिरव्या माश्या, मुंग्या, एक काळी गांधीलमाशी, आणि केशरी-काळ्या पट्ट्यांचा एक भुंगेरा जो मध सोडून सरळ पाकळ्याच खात होता. दारावर कुणाला अडवायचं नाही, असा या कुळाचा कारभार.

२१ सप्टेंबर

वरच्या रस्त्यावर गाड्यांची रांग. आमच्या सड्याचंही नाव कुठेतरी पोहोचलंय. एक कुटुंब ‘ब’ च्या मधोमध बसून डबा खात होतं. उठवलं, समजावलं. काकू भल्या होत्या, उलट मलाच धपाटा दिला. त्यांच्या मुलीला भिंगातून छत्र दाखवलं. नुकसान: अकरा आणि बारा नंबरचे दांडे मोडले.

रात्री नावाचा इतिहास वहीत उतरवला. निकोल डाल्झेल हा स्कॉटिश माणूस मुंबई इलाख्याच्या वनखात्यात होता. त्याने १८५० मध्ये हिचं वर्णन केलं तेव्हा तिला हेराक्लियम वंशात घातलं आणि कोकणाचं नाव जोडलं. अलेक्झांडर गिब्सनबरोबर त्याने लिहिलेलं मुंबईच्या वनस्पतींवरचं पुस्तक १८६१ चं. पुढे १९८६ मध्ये मुखर्जी आणि कॉन्स्टन्स या दोघांनी तिला हेराक्लियममधून काढून ‘पिंडा’ हा स्वतंत्र वंश केला. पिंडा हा शब्द लॅटिन वाक्यात बसला तरी कानाला घरचाच वाटतो.

१९ ऑक्टोबर

फळं तयार. चपटी, लंबगोल, कडेला पातळ पंख. प्रत्येक फळ म्हणजे पोटाला पोट लावून उभी दोन अर्धुकं. पिकली की ती बुडाकडून सुटतात आणि केसाएवढ्या दुहेरी दांडीला वरून लटकत राहतात. वाऱ्याने हलतात, मग एकेक पडतं. स्वयंपाकघरात पाहायचं तर धणे तव्यावर भाजून जरा रगडावेत, दोन डाळी होतात. जिरं-बडीशेपेतही काही अर्धुकं सुटी झालेली आपल्या हातात येतात.

अर्धुक उजेडासमोर धरलं की पाठीवर तपकिरी रेघा दिसतात. त्या तेलाच्या नळ्या. वास त्यांच्यात असतो.

पंख पाहून वाटतं, लांब उडत असतील. सतरा नंबरची साठ फळं खुणेसाठी शाईने रंगवली होती. पंधरा दिवसांनी सापडली ती बहुतेक दोन-अडीच मीटरच्या आत, गवताच्या बुंध्यात अडकलेली. एका बेटावरून दुसऱ्या बेटावर जाणं बियाला सोपं नाही.

पडलेल्यांतली चाळीस घरी आणली. वीस कुंडीत, वीस कागदाच्या पाकिटात.

१६ नोव्हेंबर

जमिनीवर आता काही नाही. वाळके दांडे, तेही बरेच आडवे. क्रमांकाचे पत्रे ४३ पैकी ४१ सापडले.

सहा नंबरच्या जागी खड्डा. साळिंदराने उकरलंय, बाजूला एक काटा पडलेला. कंदाचा कुरतडलेला तुकडा उरला होता: बाहेरून तपकिरी, आत पांढरा, अंगठ्याहून जाड. या प्रकल्पात कंद उकरायचा नाही असा माझाच नियम, म्हणून साळिंदराने दाखवला तेवढाच पाहिला. मोजला, तिथेच पुरला.

४ जानेवारी

कुंडीतल्या वीस बियांना महिनाभर पाणी घालतोय. शून्य. गाजराच्या कुळात हे अपेक्षितच: फळ गळतं तेव्हा आतला भ्रूण अर्धवटच असतो, त्याची वाढ बियाच्या पोटातच पुढे व्हायची असते. माहीत असूनही रोज सकाळी कुंडी बघायला जातो.

८ फेब्रुवारी

वणवा लागून गेला. आग अडवायला जाळरेषा काढली होती, पण एका बाजूने वारा फिरला. ‘ब’ आणि ‘क’ काळे. गवताची आग झपाट्याने पुढे जाते, त्यामुळे चार बोटं खालची माती फारशी तापत नाही. कंदांना धोका कमी. वर पडलेल्या बियांचं तसं नाही. शाईची फळं शोधली, राखच होती.

मामा म्हणाले, “गवत चांगलं येतं जाळल्यावर.” त्यांच्या म्हशींच्या दृष्टीने बरोबर आहे. वाद घातला नाही.

१२ एप्रिल

आज वर गेलो तर ‘ब’ च्या कडेला खड्डे. ओळीने, दीड बाय दीड फूट, मातीचे ढीग बाजूला. पावसाळ्यात वृक्षारोपण होणार आहे म्हणे, कुठल्याशा संस्थेतर्फे. हेतू चांगला, रोपंही देशी, खर्चही पदरचा. पण खड्डे कुठे पडले ते नकाशावर लावून पाहिलं आणि बसूनच राहिलो.

खोदणाऱ्या माणसांनी आधी मधल्या कातळावर पहार मारून पाहिली असणार. लागली नाही. मग जिथे लागली तिथे खड्डे घेतले. पहारही माझ्या सळईसारखंच काम करते. त्यामुळे माझ्या आलेखातली गडद बेटं आणि खड्डे तंतोतंत एकावर एक. एकवीस खड्ड्यांपैकी नऊ क्रमांकाच्या रोपांवर. त्यात सतरा नंबरही.

ढिगांत हात घालून कंद शोधले. सात मिळाले, दोघांचे तुकडे. ओल्या फडक्यात गुंडाळून खाली आणले. कंद उकरायचा नाही हा नियम असा मोडला.

२६ एप्रिल

ग्रामपंचायतीत बसलो. संस्थेचे दोघे आले होते. रागाने काही सांगायचं नाही असं घरूनच ठरवून गेलो. फक्त आलेखकागद टेबलावर पसरला, एका रंगात माती, दुसऱ्यात पंद, तिसऱ्यात खड्डे. बराच वेळ कुणी बोललं नाही. मग त्यांच्यातले एकजण म्हणाले, “सर, आम्हाला ही जागा रिकामी आहे असंच सांगितलं होतं.” सांगणाऱ्याचीही चूक म्हणता येत नाही. एप्रिलात मीसुद्धा आधी तसंच म्हटलं असतं.

ठरलं ते असं: सड्यावर झाडं नाहीत. रोपं गावाकडच्या रस्त्याला आणि तळ्याच्या बांधाला. खड्डे त्याच मातीने बुजवायचे. मामा पंचायतीच्या पायरीवर बसून सगळं ऐकत होते. उठताना म्हणाले, “मग गुरुजी, सापडली का झाडं?”

१७ मे

खड्डे बुजवले. आठ जण, दोन तास. पाच अख्खे कंद आणि दोन तुकडे परत लावले, जागच्या जागी, डोळा वर करून. माती दाबताना लक्षात आलं, एकदा उपसलेली माती पुन्हा तेवढी बसत नाही. प्रत्येक खड्ड्यावर उंचवटा राहिला. पहिल्या पावसात यातली किती वाहून जाईल ते सळई सांगेल.

२५ जून

पाकिटातल्या वीस बिया ६ तारखेला अंगणात उघड्या कुंडीत टाकल्या होत्या, पावसाच्या भरवशावर. आज तीन वर आल्या. दोन लांबट दलं, गाजराच्या रोपासारखी. जानेवारीची कुंडी फेकली नव्हती. तिच्यातही एक आलंय.

५ जुलै

उघडीप मिळाली. मोजणी: ४३ पैकी ३१ ची पानं वर. साळिंदराच्या खड्ड्यात गवत. अकरा आणि बारा, मागच्या वर्षी मोडलेले, दोन्ही आले, पानं लहान.

बुजवलेल्या नऊ जागांपैकी तीन ठिकाणी पान. त्यातलं एक तुकड्याचं, हे अनपेक्षित. सतरा नंबरच्या जागेवर काही नाही. उंचवटा बसलाय, सळई १९ ला अडली. मागच्या जूनमध्ये २४ होती.

‘अ’ मधल्या भेगेत क्रमांक नसलेलं एक नवं रोप, एकच अखंड पान, नखाएवढं. त्याला ४४ दिला. पुढची फेरी नागपंचमीनंतर, पत्रे कापून न्यायचे.